सगुणाक्काचं उसनं

सगुणा दाभाडे हे नाव तुम्ही ऐकलेलं नसणार. पण तिला तुम्ही पाहिलेलं आहे, याची मी पैज लावायला तयार आहे. सिनेमात हिरोची आई दवाखान्यात पडलेली असते ना, तिच्या पलीकडच्या खाटेवर कण्हणारी म्हातारी ती असायची. मालिकेत लग्न मोडतं तेव्हा मांडवात "अगं बाई!" म्हणून तोंडावर हात ठेवणारी तीच. भाजीवाली ती, दाई ती, खडूस घरमालकीण ती, आणि प्रेत पहिल्यांदा बघून किंचाळणारी मोलकरीणही तीच. लोक तिला बसस्टँडवर अडवून म्हणायचे, "तुम्हाला कुठंतरी पाह्यलंय." ती शांतपणे सांगायची, "पाह्यलं असंल. मी हसनाबादची." मग तो माणूस हसनाबादला आपलं कोण आहे याचा विचार करत निघून जायचा.

गेल्या उन्हाळ्यात ती गेली. पेपरात चार ओळीही आल्या नाहीत. परवा संध्याकाळी भाजी चिरताना सहज टीव्ही लावला, तर एका जुन्या सिनेमात ती कण्हत होती. मी विळीवरून उठले आणि सीन संपेपर्यंत टीव्हीसमोर उभी राहिले. सीन केवढा, तर सलाईनची बाटली बदलेपर्यंतचा. तेवढ्यावर माझं भागलं नाही. तिची इतकी आठवण आली की भाजी तशीच राहिली, आणि त्या दिवशी आम्ही पिठलं खाल्लं.

मी जालन्याला मुलींच्या शाळेत शिक्षिका होते. संध्याकाळी आमची हौशी नाटकांची मंडळी शाळेच्या चित्रकलेच्या वर्गात तालमी करायची. आमच्या दिग्दर्शकाला सगळे भाऊ म्हणत. पहिल्या दिवशी अक्का आली ती मेथीची जुडी घेऊनच. दाराशी जमिनीवर बसली आणि सगळ्यांची वाक्यं ऐकत मेथी निवडू लागली. मला वाटलं, ही कुणाला तरी सोडायला आलेली बाई आहे. तिची पाळी आली तेव्हा भाऊंनी सांगितलं, "अक्का, तुम्ही शेजारीण. दारातून यायचं, दोन वाक्यं बोलायची, जायचं."

अक्कानं मेथी बाजूला ठेवली. "भाऊ, ही बाई चप्पल कुठं काढती?"

"कशाला काढेल? दारातूनच बोलून जाते ती."

"मंग बराबर," अक्का म्हणाली. "म्हंजी तिला ह्या घरात कुणी बस म्हणत न्हाई." आणि ती दोन वाक्यं तिनं उंबऱ्याबाहेर एक पाय ठेवून म्हटली. भाऊ खुशीत हसले. पुढं मात्र त्या प्रश्नाला कंटाळले, कारण अक्कानं तो प्रत्येक नाटकात विचारला. राणीचं काम मिळालं तेव्हासुद्धा विचारला.

तिला मुख्य भूमिका कधी मिळाली नाही. एकाच नाटकात पहिल्या अंकात आजी म्हणून मरायची, दुसऱ्यात फौजदारीण होऊन यायची आणि तिसऱ्यात पडद्यामागून बाळासारखी रडायची. बक्षिसं मात्र हिरॉइनला. अक्का त्यावर म्हणायची, "त्यायचा पार्ट लांब असतो, बाई. लांबाला बक्षीस भेटतं." तिला स्वतःला मिळालेलं एकच बक्षीस ती जन्मभर सांगत राहिली. पिंपळगाव रेणुकाईच्या यात्रेत आम्ही नाटक केलं होतं. त्यात ती सुनेला उपाशी ठेवणारी सासू होती. सकाळी देवीच्या देवळाबाहेर एक म्हातारी सगळ्यांच्या हातावर प्रसाद ठेवत होती. अक्कासमोर आली आणि हात मागं घेतला. "तुला न्हाई. आधी सुनेला दे जाय." अक्का उपाशीपोटी, पण इतकी खूश की जालन्याला येईपर्यंत गाडीत गाणी म्हणत होती.

हे सगळं ती आणायची कुठून? तर मागून. अगदी खरोखर मागून. प्रत्येक कामासाठी ती कुणातरी जित्याजागत्या बाईची एखादी लकब घ्यायची. कुणाचं खोकणं, कुणाचं पदर खोचणं, कुणाचं दारात उभं राहणं. घ्यायची म्हणजे पाहून चोरायची नाही. त्या बाईच्या घरी जायची, तिची खणानारळानं ओटी भरायची आणि विचारायची, "तुमचं हे थोडे दिवस नेऊ का?" शेजारणीकडे वाटीभर साखर मागावी तसं. नाटकाचे प्रयोग संपले की पुन्हा त्या घरी जायचं, चहा प्यायचा, निघताना हात जोडून म्हणायचं, "तुमचं तुम्हाला." त्यानंतर ती लकब तिच्या अंगात पुन्हा दिसायची नाही.

एकदा मी तिच्यासोबत घनसावंगीला गेले होते. शेअर जीपमध्ये आम्ही चेंगरून बसलेल्या, बाहेर ऊसच ऊस. तिला दाईचं काम होतं. तिथं बिस्मिल्लाबी म्हणून बांगड्या भरणारी होती. ती गिऱ्हाईकाच्या तोंडाकडं बघायचीच नाही, थेट मनगटाकडं बघायची. अक्काला ते बघणं हवं होतं.

"शकल भूल जाती मैं," बिस्मिल्लाबी माझं मनगट दाबत म्हणाली, "कलाई नहीं भूलती."

अक्कानं पिशवीतून खण, नारळ आणि तांदळाची पुरचुंडी काढली. "पदर घ्या, बी."

बिस्मिल्लाबी खदाखदा हसली. "अगे बाई, हमारे में ओटी नहीं भरते!"

"तुमच्यात न्हाई भरत, पर आमच्यात उसनं मागाया रिकाम्या हातानं जात न्हाईत."

बिस्मिल्लाबीनं थोडा विचार केला आणि ओढणी पसरली. "ले जा. पन वापस ला के देना, हाँ." मग तिनं अक्काच्या हातात हिरव्या बांगड्या भरल्या. ती दाई आमच्या नाटकात इतकी गाजली की लोक तिच्यासमोर मनगटं लपवायला लागले. प्रयोग संपले, आम्ही पुन्हा घनसावंगीला जाऊन "तुमचं तुम्हाला" करून आलो. त्यानंतर एकदा मी गंमत म्हणून म्हटलं, "अक्का, बिस्मिल्लाबी करून दाखवा ना." ती माझ्यावर चक्क चिडली. "दिलं की परत! आता कुठून आणू?"

मी म्हटलं, "मग तुमचं स्वतःचं काय आहे हो?"

"माझं?" तिनं पिशवी मांडीवर ओढली. "पिशवी हाय की."

आता गयाबाईंबद्दल सांगायला हवं, कारण त्यांच्याशिवाय अक्का पुरी होत नाही. गयाबाई म्हणजे तिच्या थोरल्या जाऊबाई. अक्का त्यांना मोठीबाई म्हणायची. नवी नवरी होऊन ती हसनाबादच्या घरात आली तेव्हा स्वयंपाकघर गयाबाईंच्या हातात होतं आणि धाक सासूचा होता. गावातल्या नाटकात बायांची कामं पुरुषच करत, त्या काळात हिला नाटकाचं वेड. गयाबाई म्हणाल्या, "तू जाय. सासूबाईला मी सांगते, सगुणा मळ्यात गेली." लेकरं झाल्यावरही तेच. "तू जाय. पोरं मी पाहते."

एका यात्रेत सासूबाईच नाटक बघायला जाऊन पुढं बसल्या. शेजारी गयाबाई, जीव मुठीत धरून. अक्का म्हातारी होऊन रंगमंचावर आली आणि खोकली. सासूबाई टक लावून बघत म्हणाल्या, "गया, ही कोण गं? आपल्या शेवंतासारखी खोकती." गयाबाई म्हणाल्या, "शेवंताची बहीण असंल." ही गोष्ट मला गयाबाईंनी सांगितली होती. सांगताना त्या हसत नव्हत्या, पण डोळे हसत होते.

बोलायच्या आधी गयाबाईंची एक रीत होती. पदराच्या टोकानं कोरडंच तोंड पुसायच्या. मग बसल्या जागी जमिनीवर तळहातानं दोनदा थोपटायच्या, मूल निजवावं तसं. त्यानंतर बोलायच्या. कित्येकदा नुसतं थोपटून गप्प व्हायच्या. त्या घरात किती शब्द असे निजवले गेले असतील, देव जाणे.

पुढं गयाबाईंचे मालक गेले. त्यांचं कपाळ रिकामं झालं, सणावाराला त्या आतल्या खोलीत बसू लागल्या. याच सुमारास अक्काला मुंबईची मालिका मिळाली. मोठ्या घरातली विधवा काकू, कोपऱ्यात बसणारी. पार्ट चार दिवसांचा. पहिल्याच दिवशी कॅमेरा तिच्याकडं वळला आणि अक्कानं पदरानं कोरडं तोंड पुसलं, जमीन थोपटली, आणि मग वाक्य म्हटलं.

ते लोकांना असं आवडलं की चार दिवसांचा पार्ट वाढत गेला. काकू तोंड पुसायला लागली की कॅमेरा तिच्यावर थांबायचा, घरातली सगळी पात्रं थांबायची, आणि इकडं आमच्या जालन्यात टीव्हीसमोर बसलेले लोकसुद्धा गप्प व्हायचे. भाजीबाजारात बाया एकमेकींना तोंड पुसून दाखवायच्या. आयुष्यात पहिल्यांदा अक्काच्या बोलण्याची कुणीतरी वाट बघत होतं. ती फोनवर म्हणायची, "बाई, हा पार्ट लांब न्हाई, पर मोठा हाय." तिच्या आवाजात असा आनंद मी आधी कधी ऐकला नव्हता.

हसनाबादला मात्र पहिल्याच भागाला लेकरं ओरडली होती, "मोठीमाय! टीव्हीत मोठीमाय!" सगळ्यांनी वळून गयाबाईंकडं बघितलं. गयाबाई उठून आत गेल्या. पुढं अक्का गावी आली तेव्हा त्या हो आणि नाही यापलीकडं बोलल्या नाहीत.

"नक्कल केली म्हणून रुसल्या असतील," अक्का मला म्हणाली. "चला बाई, माझ्यासंगं. तुमच्यापुढं त्या रागावणार न्हाईत." तिनं भारीतलं लुगडं घेतलं, पेढे घेतले. आम्ही गेलो. गयाबाई ओसरीवर कापसातला कचरा वेचत बसल्या होत्या. अक्कानं लुगडं पुढं ठेवलं आणि पाया पडली. "चुकलं माझं, मोठीबाई. तुमची नक्कल केली."

गयाबाईंनी पदरानं तोंड पुसलं. जमीन थोपटली. मला वाटलं, आता गप्प बसतील. पण त्या बोलल्या.

"नक्कल केली त्याचा राग न्हाई मला. नेलं तं नेलं. घरचंच हाय." मग म्हणाल्या, "पर तू साऱ्या गावाला इचारलं. त्या शेवंताला इचारलं. त्या घनसावंगीच्या बांगडीवालीची ओटी भरली, मलाच येऊन सांगितलं व्हतं तू. मंग मला काहून इचारलं न्हाई?"

अक्का लुगड्याची घडी सारखी करू लागली.

"बोल ना."

"तुमची ओटी भरता येत न्हाई म्हणून," अक्का कसंबसं म्हणाली. "म्हटलं, ओटीबिगर मागू कशी. अन् आणली तर तुमाला दुखंल."

"हां." गयाबाईंनी कापूस खाली ठेवला. "म्हंजी ते गेले, अन् त्यायच्यासंगं मी बी गेले. गेलेल्या माणसाला कोण इचारतं? उचललं अन् नेलं."

अक्काचा हात लुगड्यावर तसाच राहिला. ते गयाबाईंनी घेतलं नाही. पेढेही घेतले नाहीत. आम्हाला चहा मात्र दिला, साखर जास्त घालून, कारण अक्काला गोड लागायचा हे त्या रागातसुद्धा विसरल्या नव्हत्या.

परतताना जीपमध्ये अक्का एवढंच म्हणाली, "बिनमागितलेलं हाय ते. आता करता येणार न्हाई." मी तिला किती समजावलं! मालिकावाल्यांना ओटीशी काय देणंघेणं, म्हटलं. उद्या तुझं नाव होईल, म्हटलं. इतकी वर्षं अहोजाहो करणारी मी, त्या दिवशी काळजीपोटी अरेतुरेवर आले होते. तिनं ऐकलं नाही. मुंबईला गेली आणि तोंड पुसायचं सोडून दिलं. दिग्दर्शक म्हणाला, काकू, ते तुमचं करा ना. ही म्हणाली, ते माझं न्हाई. मग काकूची वाक्यं कमी झाली, मग नुसतं बसणं राहिलं, आणि एके दिवशी काकूला तीर्थयात्रेला पाठवून दिलं. आमच्या मालिकांमध्ये तीर्थयात्रेला गेलेलं माणूस सहसा परत येत नाही.

अक्का हसनाबादला येऊन राहिली. हाक मारली की जालन्याला तालमीला यायची, दाराशी बसून मेथी निवडायची. पण पूर्वीसारखं लक्ष नसायचं. चपलेचा प्रश्न विचारायची राहून जायची, आणि भाऊच तिला म्हणायचे, "अक्का, ही बाई चप्पल कुठं काढते, विचारा की." तिनं हसण्यावारी न्यायचं. मला ते बघवायचं नाही.

पुढचं मला अक्कानंच सांगितलं. एका संध्याकाळी गयाबाईंनी तिला आत बोलावलं. टीव्ही बंद होता.

"काकू कव्हा येणार तीर्थावरून?"

"न्हाई येत आता, मोठीबाई."

"काहून?"

"तुमचं तोंड पुसणं सोडलं मी. त्याबिगर ती काकू न्हाई, नुसती बसलेली बाई."

गयाबाई तिच्याजवळ सरकल्या. मग म्हणाल्या, "येडी हायेस तू, सगुणे. अगं, तुझी काकू लागायची म्हणून मी दिवस मावळायची वाट पाह्यची. ह्या घरात मी तोंड पुसलं काय अन् न पुसलं काय, कुणी पाहत न्हाई. आपापल्या कामाला निघून जातात. तिथं समदे थांबायचे. मला वाटायचं, मीच बोलून राह्यले अन् माणसं ऐकून राह्यलीत." त्यांनी जमीन थोपटली नाही. दोन्ही हातांनी पदर पसरला. "भर ओटी. अन् जाय, आण तिला परत."

हाताशी खण नव्हता. अक्कानं आपल्या पेटीतला नवा खण आणला, देवापुढचा नारळ उचलला, तांदूळ घेतले. भरायच्या घाईत निम्मे तांदूळ खाली सांडले. दारात अक्काची सून उभी होती. पुढं होऊन तिनं सांडलेले तांदूळ वेचले आणि तेही गयाबाईंच्या पदरात टाकले.

दुसऱ्या दिवशी अक्कानं मुंबईला फोन लावला. तिकडं मालिकेची कथा बरीच वर्षं पुढं गेली होती. लेकरं मोठी झाली होती, घराचे रंग बदलले होते आणि काकूच्या फोटोला हार घातला होता. "मला मारलं त्यायनी, बाई," अक्का मला सांगत होती, "अन् मला ठाव बी न्हाई." दोघी जावा शेजारी बसून तो फोटो टीव्हीवर बघत होत्या. गयाबाई म्हणाल्या, "फोटो तरी चांगला लावलाय." मग दोघी हसल्या म्हणे. अक्का हे सांगताना हसली, मला मात्र हसू आलं नाही. इतक्या वर्षांनी मनापासून दिलेला आणि मनापासून घेतलेला ऐवज, आणि तो मांडायला जागा नाही. अजूनही मला त्याची हळहळ वाटते.

पुढं तिला तशी भूमिका मिळाली नाही. दवाखान्यातल्या खाटा मिळाल्या, मांडवातलं "अगं बाई" मिळालं. तिथं कुठं ती तोंड पुसणार? ती म्हणायची, "ठेवलंय जपून. येईल एखादा पार्ट." दरम्यान थंडीच्या दिवसांत गयाबाई गेल्या.

मी भेटायला गेले तेव्हा अक्का त्याच ओसरीवर, गयाबाईंच्या जागी बसली होती. समोर कापूस. मी चप्पल काढली. तिनं तेवढ्यातही बघितलं की मी ती कुठं काढली. मला बस म्हणाली. मी विचारलं, "काय अक्का, सध्या काही काम?"

तिनं पदराच्या टोकानं कोरडं तोंड पुसलं. जमीन दोनदा थोपटली. आणि गप्प राहिली.

मी बघतच राहिले. तिच्याही ते ध्यानात आलं.

"परत करायचं राह्यलं, बाई," ती म्हणाली. "त्यायला न्हेत व्हते, तव्हा हात जोडले मी. म्हटलं, म्हणावं आता, तुमचं तुम्हाला. तोंडातून निघालं न्हाई." तिनं डोळे पुसले. "अन् आता कुणाला देऊ? राहू द्या माझ्यापाशी."

मी तिचा हात धरून बसले. निघताना तिनं माझ्या पिशवीत मेथीची जुडी कोंबली आणि म्हणाली, "निवडून घ्या, घाईत चिरू नका."

जीप वळायला थोडा वेळ लागला. खिडकीतून ओसरी दिसत होती. सून चहाचे रिकामे कप उचलून आत निघाली होती. अक्काला तिला काहीतरी सांगायचं असावं, कारण तिनं पदर तोंडाशी नेला आणि मग हात जमिनीवर ठेवला. ती काय बोलली ते मला ऐकू आलं नाही. पण दारात पोचलेली सून तिथंच वळली, आणि हातात कप घेऊन, अक्का बोलेपर्यंत थांबून राहिली.